फुईच्या नावाची सव्वा मूठ

आषाढातल्या एका बुधवारी, धुळ्याला तुझ्या घरी, मी, माझी बायको सुनंदा आणि तुझ्या शेजारच्या कुसुमताई अशी तीन माणसं समोर असताना, अक्का, तू माझ्याकडे सव्वा मूठ गहू मागितलेस. मी "बघू" म्हणालो. हे तिघांनीही ऐकलं आहे, त्यामुळे आता मी हो म्हणालो होतो असं सांगून सुटता येत नाही, आणि नाही म्हणालो होतो असंही नाही. त्यानंतर दोन आठवड्यांच्या आत तू गेलीस.

हे लिहिताना माझ्यासमोर तुझी आठवण म्हणून काही ठेवलेलं नाही. आमच्या वडिलांची आतेबहीण, धुळ्याच्या शाळेत गणित शिकवणारी, नवरा लवकर गेलेली, मूलबाळ नसलेली, एवढी तुझी माहिती सगळ्यांना आहे. ती पुन्हा लिहीत नाही. आपलं भांडण मात्र कोणाला धड माहीत नाही, आणि ते अर्धं राहिलं आहे.

कानबाई देवीच्या रोटाला आपल्या घराण्यात पुरुषामागे सव्वा मूठ गहू मोजतात. श्रावणातल्या शनिवारी मोजायचे, दळायचे, रविवारी त्याचे नैवेद्याचे रोट करायचे आणि ते फक्त भाऊबंदांनी खायचे. ज्याची मूठ त्याच्या हाताची. तान्ह्या मुलाची बापाने भरायची, परगावी असलेल्याची जवळच्या माणसाने. बायकांची मूठ नसते. वडील गेल्यापासून कानबाई जळगावला माझ्या घरी बसते आणि मोजून घ्यायचं काम माझ्याकडे आलं आहे. मी डाळमिलमध्ये हिशेब लिहितो, म्हणून भाऊबंदांना वाटतं की मुठी मोजायलाही मीच बरा.

तू दरवर्षी धुळ्याहून यायचीस. रोट तुला चालायचा नाही, कारण तू भाची. तू बाजूला साधी वरणबट्टी जेवायचीस आणि मोजणी चालू असताना दारात उभी राहायचीस. मी सहावीत असताना तू मला तिथेच सवायकी, म्हणजे सव्वाचा पाढा, पाठ करायला लावलीस. "तेरा सवाया?" तू विचारायचीस. मी अडखळलो की म्हणायचीस, "हातात गहू आहेत ना, मग तोंडाकडे काय बघतोस?" पावकी, निमकी, सवायकी मला अजून येते. मिलमध्ये पोरं कॅल्क्युलेटर काढेपर्यंत मी आकडा सांगतो. ते तुझं देणं.

मोजणी संपली की तू दरवर्षी एकच वाक्य म्हणायचीस. "माझ्या आईची राहिली."

सगळे हसायचे. मीही.

तुझी आई, म्हणजे आमच्या आजोबांची, आबांची, थोरली बहीण. घरात लहानथोर सगळे तिला फुई, म्हणजे आत्या, म्हणत. ती मुक्या सिनेमात काम करायची. धरणगावला तिच्या वडिलांचं जिनिंगमधलं काम सुटलं, घरात खाणारी तोंडं सहा, म्हणून ती मुंबईला मावशीकडे गेली आणि तिथून एका स्टुडिओत. आधी गर्दीत उभी राहायची, मग राणीच्या दासीची कामं, मग राणीचीच. कंपनीने तिला वेगळं नाव दिलं होतं. तू म्हणायचीस, अकरा चित्रपट. मी शोधायला लागलो तेव्हा जुन्या याद्यांमधून मला चारच सापडले, आणि त्यातल्या एकाच ठिकाणी तिचं ते कंपनीचं नाव होतं. चित्रपट तर एकही उरलेला नाही. पुण्याला एका अभ्यासकाला विचारलं, तर तो म्हणाला की त्या काळच्या बऱ्याच फिती चांदी काढायला वितळवल्या, उरलेल्या बांगड्या करणाऱ्यांनी नेल्या. मी हे तुला सांगितलं. तू म्हणालीस, "म्हणजे कोण्या बाईच्या हातात माझी आई वाजली असेल."

मी म्हणालो, "अकरापैकी चारचाच पुरावा आहे, अक्का."

तू म्हणालीस, "तू माझा विद्यार्थी शोभतोस. आणि मला त्याचा राग येतो."

फुई मुंबईहून घरी मदत पाठवायची. त्या काळात तिच्या वडिलांनी, म्हणजे माझ्या पणजोबांनी, रोटाच्या मोजणीत तिची सव्वा मूठ धरली होती. जो घर चालवतो त्याची मूठ, असं ते भाऊबंदांना म्हणाले होते म्हणे. एकाहून जास्त वर्षं धरली. हे आबांनाही मान्य होतं. त्यानंतर ती बंद झाली, हेही मान्य होतं. भांडण होतं ते बंद का झाली यावरून, म्हणजे धुळ्याच्या त्या तंबूवरून.

आबा ती गोष्ट कितीतरी वेळा सांगायचे. धुळ्याला फिरता सिनेमा आला होता, फुईचा. पणजोबा आबांना घेऊन धरणगावहून बैलगाडीने आणि मग मोटारीने गेले. पडद्यावर राजा लढाईला निघतो. राणी आरतीचं तबक घेऊन दारात उभी. डोळ्यांतून पाणी. पाटी येते, आणि पडद्याशेजारी उभा असलेला माणूस ती मोठ्याने वाचतो, "जा नाथ, विजयी होऊन या." पण पाटी येण्याआधी राणीचे ओठ हलतात, आणि मुंबई-पुण्याला जे कोणाला कळलं नव्हतं ते धुळ्यात कळलं. राणी आपल्या अहिराणीत राजाला कुठे निघालास विचारत होती, "कथा चालना रे? दोन घास खाईसन जाय. भाकर थंडी व्हई जाई."

"सगळा तंबू हसला," आबा सांगायचे. "एक जण वरडना, आरे जेव ना राजा, बाई म्हणी ऱ्हायनी तर!" आणि हे सांगताना आबा स्वतःही एवढे हसायचे की त्यांना ठसका लागायचा. पणजोबा मात्र हसले नाहीत. मध्येच उठले, आबांचा हात धरला आणि बाहेर आले. पुढच्या श्रावणात फुईची मूठ मोजली नाही. त्यानंतर थोड्याच दिवसांत फुई मुंबईहून परत आली, धुळ्याला बिजवराशी लग्न करून राहिली, तुझा जन्म झाला. आपल्या घरात सगळे समजत आले की बोलपट आले, तिला शुद्ध बोलता येईना, म्हणून तिचं काम गेलं.

तू हे कधी मान्य केलं नाहीस. तुझं म्हणणं, बोलपट नंतर आले, मूठ आधी गेली. मूठ गेली म्हणून ती थांबली. शुद्ध तिला कोणापेक्षाही चांगलं बोलता यायचं. तंबूत दिसलं ते तिने मुद्दाम तसं बोललेलं होतं. दिग्दर्शक सांगायचा, काहीही बोला, चेहरा तेवढा रडवा ठेवा. बाकीच्या नट्या आकडे म्हणायच्या, रामरक्षा म्हणायच्या. फुईला तसं रडू यायचं नाही. तिची आई कामावर निघालेल्या वडिलांना दारात जे म्हणायची तेच म्हटलं की डोळे भरायचे.

हे सगळं तू मला करून दाखवायचीस. मी आठ-नऊ वर्षांचा असताना, सुटीत धुळ्याला आलो की, तू स्वयंपाकघराच्या उंबऱ्यात उभी राहायचीस आणि आवाज न काढता बोलायचीस. मी ओळखायचं. "पाणी आण." "दूध उतू चाललं." "मेल्या, चप्पल बाहेर काढ." मला निम्मं यायचं. मग तू फुईचा तो प्रवेश करायचीस, पदर हनुवटीखाली धरून, आणि तुझ्या डोळ्यांत खरंच पाणी यायचं. मी घाबरायचो. तू लगेच पदराने डोळे पुसून विचारायचीस, "काय म्हणाले सांग?" फुईचं काम मी पाहिलेलं नाही, कोणीच आता पाहू शकत नाही. पण तुझ्यात जेवढं उतरलं होतं तेवढं मी पाहिलं आहे, आणि यादीत चार आकडा लिहिताना ते मी कुठे धरलं नाही.

आपला वाद ठरलेल्या वाटेने जायचा. मी म्हणायचो, आबा स्वतः तिथे होते, तू नव्हतीस. तू म्हणायचीस, "आईही होती."

"ती पडद्यावर होती."

"पडद्यावर होती आणि तंबूतही होती. कानबाईला घरी येऊन परत जाताना धुळ्याला उतरली होती ती. डोक्यावरून पदर ओढून बसली होती, कोणी ओळखू नये म्हणून. आणि तिने मला सांगितलंय, लोक रडले. हुंदके देऊन रडले."

"आबा म्हणतात सगळा तंबू हसला."

"तुझे आबा नऊ वर्षांचे होते."

"नऊ वर्षांच्या माणसाला हसणं आणि रडणं वेगळं कळतं, अक्का."

यावर तू चहा टाकायला उठायचीस. आणि मला वाटायचं, मी जिंकलो. मी तुझ्या आईला खोटं ठरवत होतो असं मला कधीच वाटलं नाही. दोन साक्षी जुळत नाहीत, एवढंच माझं म्हणणं होतं. आजही मी म्हणेन की तेव्हा माझ्याजवळ जे होतं त्यावरून दुसरं काही म्हणता आलं नसतं. पण दोन साक्षी जुळत नसल्या तर अजून एक प्रश्न विचारायचा असतो, साक्षीदार कुठे बसला होता, आणि तो मी विचारला नाही. मिलमध्ये वजनाचे दोन काटे वेगळं दाखवतात तेव्हा मी आधी काटे कुठे ठेवलेत ते बघतो.

त्या बुधवारी तू उशीला टेकून बसली होतीस. दम लागत होता. सुनंदाने मोसंबीचा रस दिला, तो तू तसाच ठेवलास. म्हणालीस, "यंदा मी येत नाही बहुतेक. माझ्या आईचे सव्वा मूठ गहू धर. मला रोट नको, मूठ मोजली एवढं कळलं की पुरे."

"भाऊबंदांना विचारावं लागेल," मी म्हणालो.

"तू मोजतोस ना? मग?"

"बघू."

कुसुमताईंनी माझ्याकडे पाहिलं. तू हसलीस आणि म्हणालीस, "बघ. डोळे चांगले आहेत अजून."

नंतर दवाखान्यात तुझ्या तोंडावर मास्क होता. आवाज येत नव्हता, ओठ हलत होते. तू माझ्याकडे बघून काहीतरी दोनदा म्हणालीस. सुनंदा म्हणाली, "अहो, मूठ म्हणतायत." मला तसं दिसलं नाही. मला काहीच कळलं नाही, हे खरं. एवढ्या सुट्या तू मला ओठ वाचायला शिकवलंस, आणि ज्या दिवशी ते लागणार होतं त्या दिवशी मी मॉनिटरवरचे आकडे वाचत होतो. मी मान हलवली. कशाला हो म्हणालो ते मला माहीत नाही. तुला काय वाटलं असेल, तेही नाही.

तुझ्या तेराव्याला धुळ्याच्या घरी बाहेरच्या खोलीत आम्ही पुरुष सतरंजीवर बसलो होतो. तुझ्या शाळेतले दोन जुने शिक्षक, तुझ्या सासरचे तिघे-चौघे, आपले भाऊबंद. आत बायका पुऱ्या लाटत होत्या. तुझ्या सासरच्यांपैकी एकाने विचारलं, "काकूंच्या आई सिनेमात होत्या म्हणे?" तेव्हा मी ती गोष्ट सांगितली. आबा सांगायचे तशीच, त्याच शब्दांत, कारण मला ती तशीच येते. "दोन घास खाईसन जाय" आलं आणि सगळे हसले. तुझ्या शाळेतले एक शिक्षक तर मांडीवर थाप मारून हसले. "राणी आणि भाकर!" म्हणाले. दुसरे म्हणाले, "आमच्या हिचाच डायलॉग आहे हा." पुन्हा हशा.

मी पाणी घ्यायला आत गेलो. दार उघडंच होतं, आत सगळं ऐकू गेलं होतं. लाटणी थांबली होती. कढईतली एक पुरी काळी पडत होती आणि कोणी ती काढत नव्हतं. कुसुमताई पदराने डोळे पुसत होत्या.

"काय झालं?" मी विचारलं.

"काही नाही हो. आमचे हे गेले त्या दिवशी सकाळी मी दारात हेच म्हणाले होते. थांबा, दोन घास खाऊन जा. गाडी चुकेल म्हणाले. दुपारी स्टँडवरून निरोप आला."

तुझ्या सासरची एक तरुण सून पुरी काढत म्हणाली, "मी तर रोज म्हणते. ऐकतं कोण? डबा टेबलावर आणि गाडी गेटाबाहेर." तिने ते चेष्टेत म्हटलं, पण तिचाही आवाज नेहमीचा नव्हता. सुनंदा माझ्याकडे पाहत नव्हती. तिने माझ्या हातात पाण्याचा तांब्या दिला आणि म्हणाली, "जा बाहेर. तुमची वाट बघतायत हसायला."

मी तांब्या घेऊन मधल्या दारात उभा राहिलो. बाहेर अजून हसत होते. आत गप्प होतं. आणि तेव्हा मला आबांच्या गोष्टीतलं ते वाक्य आठवलं, जे ते सुरुवातीला तंबूचं वर्णन करताना सांगायचे आणि ज्याकडे आपण कोणीच लक्ष दिलं नाही. "मधे कनात व्हती. एकीकडे माणसं, एकीकडे बाया." आबा पणजोबांबरोबर पुरुषांकडे बसले होते. फुई पदर ओढून बायकांत.

एका स्वयंपाकघरावरून अख्ख्या तंबूचा हिशेब मांडता येत नाही, हे मला कळतं. तू असतीस तर तूच प्रथम म्हणाली असतीस, "एक उदाहरण म्हणजे सिद्धता नव्हे." पण "सगळा तंबू" हे आबांना म्हणता येणार नाही. त्यांना अर्धाच ऐकू आला. फुईलाही अर्धाच. पणजोबांनी तिची मूठ बंद केली ती कनातीच्या एका बाजूच्या आवाजावरून. ते उठून बाहेर गेले नसते, दोन्हीकडचं ऐकलं असतं, तर त्यांनी काय केलं असतं, हे आता सांगता येत नाही. पण हे तुला सांगता आलं असतं. आबा होते तेव्हा तुम्हा दोघांना समोर बसवून विचारता आलं असतं. ते गेल्यावरही इतकी वर्षं तू होतीस, मी होतो, चहा होता. कनातीचं वाक्य दोघांनाही पाठ होतं.

शनिवारी गहू मोजले. असोद्याहून नाना आणि काकू आले होते. नाना आता भाऊबंदांत सगळ्यांत मोठे, वडिलांचे चुलतभाऊ. सतरा पुरुषांच्या सतरा मुठी झाल्या. नाना हात झटकून उठायला लागले. मी म्हणालो, "थांबा. अजून एक आहे."

"आते कोनी ऱ्हायनी?"

"फुईची."

नाना परत बसले. "ती जाईसन कितला साल झायात! आनि बाईनी मूठ? आजपावत कोनी मोजी का?"

"मोजली होती. पणजोबांनी स्वतः. मग बंद केली." मी त्यांना कनातीचं सांगितलं. जमेल तसं सांगितलं. माझं सांगणं काही फार चांगलं झालं नाही, कारण मला ते आबांसारखं रंगवता येत नाही. नाना ऐकत होते, पण त्यांचा चेहरा बदलला नाही. "हसनात ते हसनात," ते म्हणाले. "त्यानं आते काय?"

काकू परातीशेजारी बसल्या होत्या. त्या गहू निवडत म्हणाल्या, "घर चालावाले बाई चालनी, मुठले नही चालस का?"

"मंग उद्या तू बी मांगशी," नाना म्हणाले.

"मांगसु तवय देखजो. आज फुईनी शे."

पोरं हसली. नानाही थोडे हसले, आणि मग "तूच ठराव, मोजनारा तू" म्हणून माझ्याकडे हात केला. ते हो म्हणाले नाहीत. बघूच म्हणाले, दुसऱ्या शब्दांत. पण मी त्याला हो धरलं.

मग प्रश्न आला हाताचा. नसलेल्या माणसाची मूठ जवळच्याने भरायची. फुईचं जवळचं माणूस तू होतीस. मोजणी होईपर्यंत तू जिथे उभी असायचीस, तिथे दारात या वेळी चपला पडल्या होत्या. मी पोत्यात हात घातला. काकूंनी माझं मनगट धरलं.

"तुन्हा हात मोठा शे. बाईनी मूठ बाईना हातनी."

त्यांनी मूठ भरली. बोटांतून गळलेले दाणे पुन्हा पोत्यात टाकले, मग वरची पाव मूठ वेगळी मोजली. परातीत ओतताना मोठ्याने म्हणाल्या, "फुईनी." कंपनीचं नाव कोणाला आठवलं नाही. मीही ते सांगितलं नाही. रविवारी रोट झाले. नाना जेवले, ताटात काही ठेवलं नाही. पुढच्या वर्षी ते काय म्हणतील ते पुढच्या वर्षी.

यंदाचं असं झालं. सव्वा मूठ गहू, तू मागितलेले, असोद्याच्या काकूंच्या हातून, फुईच्या नावाने, कानबाईला दिले. मोजून घेतले मी.